माझं तोंड त्यांना पटलं नाही

"ताई, तुम्ही फार स्वच्छ दिसता. लोकांना पटणार नाही."

दिग्दर्शक असं म्हणाला आणि त्याच्या हाताखालच्या मुलीनं माझ्या गालाला राख फासली. माझ्याच दारात. सगळी गल्ली बघत होती. मग तिनं एक फाटकी साडी पुढं केली. दुसऱ्यांच्या साड्यांना पिको-फॉल करून मी घर चालवते. त्या दिवशी ठेवणीतली पिवळी साडी नेसले होते. इस्त्री केलेली.

आमची वस्ती विमानतळाच्या रस्त्याला लागून. मागं वेरूळ बघायला परदेशी पाहुणे आले, तेव्हा रस्त्याच्या कडेनं उंच हिरवं कापड बांधलं होतं. एक साहेब सांगून गेला, "पाहुणे जाईपर्यंत बाहेर दिसू नका. देशाच्या इज्जतीचा सवाल आहे." आम्ही गपगुमान घरात बसलो. म्हणजे आम्ही देशाची बेइज्जती. ते मला अजून झोंबतं.

आता ही पुण्याची मंडळी त्याच कापडावर सिनेमा काढत होती. सरकारी जाहिरातबाजीची टिंगल. नकली मंत्री कापडापुढं उभा राहून म्हणतो, 'आमच्याकडे गरिबी नाही', आणि मागून कुणीतरी शिंकतं. गोष्ट ऐकून मी पोट धरून हसले. तेव्हा झाकलं, आता तरी जग आपल्याला बघेल, असं वाटलं. म्हणून त्यात काम करायला हो म्हणाले.

माझ्या फ्रिजवर त्यांनी गोधडी टाकली, तेव्हाच मनात पाल चुकचुकली होती. मग भिंतीवरचा पोरीचा नर्सिंगचा फोटोही उतरवला.

"माझी पोरगी मला अशी बघंल का पडद्यावर?" मी विचारलं.

"ताई, सिनेमा तुमच्याच बाजूचा आहे."

"मंग माझ्या तोंडाला राख कशाला?"

तो हसला. "तुम्हाला नाही कळायचं. विनोदाला थोडी अतिशयोक्ती लागते."

मंत्र्याच्या कोटाला मात्र कडक इस्त्री होती.

कळलं. लई कळलं. साहेबाला आम्ही दिसायलाच नको होतो. ह्याला दिसायला हवे होतो, पण घाणेरडे. आहोत तसे कुणालाच चालत नव्हतो. डोकं तडकलं. ड्रममधलं पाणी घेऊन साबणानं तोंड धुतलं.

"घ्यायचं तर हे तोंड घ्या."

"दुसरी बाई बघ," तो मुलीला म्हणाला.

त्यांच्या आधी मी दारोदार गेले, काय झालं ते सांगितलं. एकही बाई राख लावायला उभी राहिली नाही. संध्याकाळी त्यांनी शूटिंगसाठी बांधलेलं हिरवं कापड गुंडाळलं आणि गेले.

आता कॅमेरा घेऊन कुणीही येवो, देशाची शान दाखवायला नाहीतर लाज दाखवायला. आधी त्यानं उंबऱ्याबाहेर उभं राहून सांगायचं, माझ्या तोंडाचं काय करणार. नाही पटलं तर दार लावून घेईन.