बारक्याचा उतारा

हे मी बायकोला सांगितलेलं नाही. रईसभाईच्या गॅरेजवर रोज संध्याकाळी माझा एक चहा ठरलेला असतो, त्यालाही नाही. लेकीला तर नाहीच. तुम्हाला सांगतो आहे, कारण तुम्ही मला ओळखत नाही. आणि एक आधीच बजावून ठेवतो — मला पश्चात्तापाचं रडू वगैरे आलेलं नाही. मला राग आलेला आहे. अडीच वर्षं झाली, उतरतच नाही. कुणावर? ऐका.

मी ढाणकीच्या एका जिनिंगमध्ये ग्रेडर आहे. कापसाची गाडी आली की ढिगात कोपरापर्यंत हात घालायचा, मूठभर कापूस बाहेर काढायचा, सरकी दाबून बघायची, धागा ओढायचा आणि सांगायचं, याचा उतारा एवढा. म्हणजे क्विंटलभर कापसातून रुई किती निघेल ते. यंत्र नंतर फिरतं, मी आधी सांगतो. आणि माझं सांगणं सहसा चुकत नाही. हे मी बढाई म्हणून सांगत नाहीये — नाही, बढाईच आहे. आज तरी खोटं कशाला बोलू?

कापूस संपला की जिनिंग बंद. मग दिवाळीपर्यंत हात रिकामे. अशाच एका रिकाम्या उन्हाळ्यात रईसभाईनं माझ्या मोबाइलमध्ये तो खेळ टाकून दिला. आपण गावात चालत फिरायचं, फोनवर प्राणी दिसतात, ते धरायचे. प्रत्येकाच्या डोक्यावर ताकदीचा आकडा असतो. एखाद्याला सोबतीला घेऊन चाललं की त्याला खाऊ मिळतो. खाऊ पुरेसा साठला की तो रूप पालटतो, लहानाचा मोठा होतो आणि ताकद एकदम वाढते.

पण किती वाढते? डोक्यावरच्या आकड्यावरून ते कळत नाही. आत तीन पट्ट्या असतात — हल्ला, बचाव आणि दम. त्या किती भरल्यात, प्राण्याची जात कोणती, यावर सगळं असतं. मी त्याची एक वही केली. जातवार पटी लिहून काढल्या. रूप पालटल्यावर प्राणी किती ताकदीचा निघेल, ते मी आधीच सांगू लागलो आणि ते तसंच निघू लागलं. आम्ही सातआठ जण होतो, कुणी दुकानदार, कुणी बँकेतला, दोन कॉलेजच्या पोरी. सगळे आधी फोन माझ्या हातात द्यायचे आणि म्हणायचे, "भाऊ, उतारा सांगा." माझ्याच धंद्यातला शब्द. मला तो त्यांच्या तोंडून ऐकायला फार आवडायचा.

आणखी एक आवडायचं. गावात पाण्याच्या टाकीपाशी खेळातलं एक ठिकाण आहे. ज्याचा प्राणी सगळ्यात तगडा, त्याचा प्राणी तिथं ठाण मांडून बसतो आणि खाली मालकाचं नाव दिसतं. आठ महिने तिथं माझा डोंगऱ्या बसला होता. खेळातलं इंग्रजी नाव कुणाच्या जिभेवर बसेना, म्हणून डोंगऱ्या हे आमचंच. ढाणकीत कुणीही खेळ उघडला की टाकीवर माझं नाव. पन्नाशीला टेकलेला माणूस, आणि त्याला टाकीवर नाव पाहिजे! लाज वाटते का? वाटते. पण तेव्हा वाटत नव्हती, आणि रागाचं मूळ तिथंच आहे.

शोभाताई आमच्यात आली ती सगळ्यांच्या शेवटी. ती अंगणवाडी सेविका. गावातली निम्मी तरुण पोरं तिच्या हाताखालून गेलेली, माझी लेक पूजासुद्धा. डॉक्टरनं तिला रोज चालायला सांगितलं होतं, म्हणून तिच्या सुनेनं फोनमध्ये हा खेळ टाकून दिला. पहिल्याच आठवड्यात तिनं विहाराच्या फाटकापाशी एक प्राणी धरला. तपकिरी, कानांएवढंच अंग, आकडा इतका लहान की कॉलेजच्या पोरी फिदीफिदी हसल्या. त्याच जातीचा मोठा होऊन डोंगऱ्या होतो, पण असलं मरतुकडं पिल्लू आम्ही लगेच सोडून देतो. शोभाताईनं त्याचं नाव बारक्या ठेवलं.

"हासता काहून?" ती म्हणाली. "हे लेकरू वर येईन. मले दिसून राह्यलं."

तिला दिसायचं. हे तुम्हाला नीट सांगायला हवं, नाहीतर मी काय केलं ते कळणार नाही. अंगणवाडीत दर महिन्याला लेकरांची वजनं होतात. तक्त्यावर हिरवा पट्टा, पिवळा पट्टा, लाल पट्टा. लाल पट्ट्यातल्या लेकराची आई आधीच अर्धमेली झालेली असते. शोभाताई काट्याकडे एकदा बघायची आणि लेकराकडे बराच वेळ. त्याची नजर बघायची, बोट धरायची पकड बघायची, छातीशी धरून श्वास ऐकायची. आणि मग आईला सांगायची, हे वर येईल, किंवा आजच उमरखेडला दवाखान्यात ने. ढाणकीत असं बोलतात की शोभाताई हो म्हणाली की आई त्या दिवशी पोटभर जेवते. काटा वजन सांगतो, पण पुढचं काय ते ती सांगायची. आणि तिचंही सहसा चुकत नसे. आता तुम्ही म्हणाल, मग तुमचं दोघांचं जमलं असेल. मीही असंच म्हटलं असतं.

चार महिने ती बारक्याला घेऊन चालली. फुलसावंगीच्या रस्त्यानं सकाळी जायची, संध्याकाळी अंगणवाडी सुटल्यावर पुन्हा जायची. पायात साध्या चपला, हातात फोन. कुणी हटकलं तर म्हणायची, "लेकराचा खाऊ आनाले चालली." थट्टा व्हायची. रईसभाईनं नवा प्राणी धरून देतो म्हटलं, तिनं नको म्हटलं. तिनं एकदा बघितलं होतं आणि ठरवलं होतं. तिचा बारक्या तगडा निघतो की नाही, यावर ती स्वतःच्या नजरेची परीक्षा घेत होती, हे तेव्हा माझ्या लक्षात आलं होतं का? आलं होतं. हेच तर सांगतो आहे. मला सगळं कळत होतं.

श्रावणातली सकाळ होती. टाकीखालच्या ओट्यावर आम्ही बसलो होतो, मी, रईसभाई आणि त्या दोन पोरी. शोभाताई आली, पदरानं तोंड पुसलं आणि फोन माझ्या हातात दिला. खाऊ पुरा झाला होता. "भाऊ, आता याचा उतारा सांगा बरं."

मी आतलं पान उघडलं.

तिन्ही पट्ट्या भरलेल्या होत्या. काठोकाठ. हल्ला, बचाव, दम — कुठं एक रेघ कमी नाही. असा प्राणी मी तोपर्यंत कुणाच्याच फोनमध्ये बघितला नव्हता. माझ्या डोंगऱ्याचा दम निम्माच भरलेला, हे मी कुणाला कधी सांगितलं नव्हतं. वही उघडायचीही गरज नव्हती. बारक्यानं रूप पालटलं असतं, उरलेल्या खाऊनं त्याची ताकद आणखी वाढली असती, की माझा डोंगऱ्या टाकीवरून खाली. तोही कुणामुळे? जिला पट्ट्या म्हणजे काय हे माहीत नाही, जिनं नुसतं बघून सांगितलं होतं, तिच्यामुळे. मी तेवीस वर्षं कापसात हात घालून सांगतो, आणि हिनं हातही न लावता सांगितलं!

पोटात दुखलं माझ्या. दुसरा शब्द नाही. शोधला, सापडला नाही.

मी फोन तसाच हातात धरून मान हलवली. "ताई, कवडी हाय हे," मी म्हणालो. कवडी म्हणजे किडका कापूस, बोंडातच सडलेला, ज्याची धड रुई होत नाही. "वरून दिसते, आत काही नाही. मोठा झाला तरी असाच राहीन."

"एवढं चालवलं तरी?"

"तरी."

मला वाटलं ती वाद घालेल. घातला असता तर मी हसण्यावारी नेऊन खरं सांगितलं असतं — असं मी नंतर किती तरी वेळा मनाशी म्हटलं. साफ खोटं. सांगितलं नसतं. तिनं वाद घातलाच नाही. ती माझ्याकडे बघत राहिली, जशा आया तिच्याकडे बघतात तशी. मग म्हणाली, "तुमी म्हनता तं तसंच असन. मंग काय करू?"

इथं थांबता आलं असतं. राहू द्या म्हणालो असतो तरी चाललं असतं, कधीतरी कुणीतरी पट्ट्या बघितल्या असत्या. आणि म्हणूनच मी म्हणालो, "सोडून द्या. जागा अडून राह्यली."

तिच्यानं सोडवेना. "तुमीच सोडा भाऊ," असं म्हणून ती दुसरीकडे बघू लागली. मी बटण दाबलं. खेळानं विचारलं, सोडायचा? मी हो म्हटलं. त्यानं पुन्हा विचारलं, नक्की? परत मिळणार नाही. सगळं इंग्रजीत. "काय म्हनते?" शोभाताईनं विचारलं. मी म्हणालो, "काही नाही, असंच विचारते." आणि दुसऱ्यांदा हो म्हटलं. एका यंत्राला माझ्यापेक्षा जास्त शंका होती.

त्यानंतर तिनं खेळ काढून टाकला. माझा राग त्याचा नाही. खेळ गेला तर गेला. "साधा गेमच तर हाय, एवढं काय मनाले लावून घेता," असं रईसभाई तिला समजावत होता आणि मी शेजारी बसून मान डोलवत होतो. जनाची नाही तर मनाची, म्हणतात. माझ्यापाशी दोन्ही नव्हत्या. पण मला वाटलं, झालं, संपलं. एक बाई एक खेळ खेळायची थांबली.

संपलं नव्हतं. पोळ्यानंतर मी अंगणवाडीवरून चाललो होतो. आमच्या जिनिंगमधल्या एका हमालाची बायको लेकराला कडेवर घेऊन डोळे पुसत बाहेर आली. मी विचारलं. तर म्हणे शोभाताईला विचारलं, हे वर येईल का, तर ताई म्हणाली, काटा सांगते तेवढंच खरं. नंतर हेच मी दुसऱ्या आईकडून ऐकलं, मग तिसरीकडून. बायका आपसात म्हणू लागल्या, ताई आता काही बोलत नाही, नुसतं लिहून घेते. रईसभाईच्या बहिणीनं तिला छेडलंच, तेव्हा ती म्हणाली होती, "माह्या नजरेवर जाऊ नोको बाई. मी एका बारक्यावर चार महिने फसली." लोक हसले. त्यांना वाटलं, ताईचा विनोद.

मी हसलो नाही, एवढं तरी म्हणू का? नको. हसलो. सगळे हसत होते.

जाऊन एक वाक्य बोलायचं होतं. ताई, तुमचं बरोबर होतं. चार शब्द. रोज तिच्या दारावरून जिनिंगला जातो. चोराच्या मनात चांदणं, तसं ती समोरून आली की मी उगाच वळून पानटपरीकडे बघायचो. भीती कशाची? ती चिडेल याची नव्हती. लोक म्हणतील, हा उतारा खोटा सांगतो, याची होती. माझ्या नावाची. तिचं नाव मी सहज पुसलं होतं, आपलं तेवढं जपून ठेवलं होतं. टाकीवरचा डोंगऱ्या तर मी महिन्याभरातच काढून घेतला, बघवेना. त्याचं कुणाला काय?

आता या वर्षीचं. पूजा बाळंतपणाला माहेरी आली. दिवस पुरे व्हायच्या आधीच मुलगी झाली, हातात धरली तर वजन लागत नव्हतं. उमरखेडच्या डॉक्टरनं घरी सोडलं, तरी पूजा सारखी तिच्या नाकाशी बोट धरून बघायची. जेवायची नाही. एकच म्हणायची, ताईकडे नेऊ, ताई बघून सांगेल. बायको म्हणाली, तुम्ही सोबत जा.

गेलो. काट्यावर झोळीत माझी नात, हाताच्या पंजाएवढी. वजन तक्त्यावर लाल पट्ट्यात गेलं. शोभाताईनं तिला उचललं, छातीशी धरलं, डोळ्यांत बघितलं, तिच्या मुठीत आपलं बोट दिलं. मी तिच्या तोंडाकडे बघत होतो. तिला दिसलं होतं. शपथेवर सांगतो, तिला काहीतरी चांगलं दिसलं होतं, तिचा चेहरा मोकळा झाला होता. पूजानं विचारलं, "ताई, येईन ना वर?"

आणि शोभाताईनं नजर खाली घेतली. लेकरू परत दिलं. म्हणाली, "मी काय सांगू बाई. मायं खरं नाही निघत आता." मग माझ्याकडे वळली, अगदी मनापासून. "तुये बाबा उभे हायत ना. त्याईले विचार. त्याईचा अंदाज चुकत नाही."

पूजा माझ्याकडे वळली. डोळे भरलेले. लेकरू कसं बघतात, मला काय माहीत? मला कापूस कळतो. सांगणारी बाई समोर उभी होती, तिनं बघितलंही होतं, फक्त मी तोंड उघडायचं होतं. त्या दिवशीचं टाकीखालचं सांगायचं होतं. ती खोली रिकामी होती, आम्ही तिघंच.

मी पूजाच्या डोक्यावर हात ठेवला आणि म्हणालो, "काही होत नाही बेटा. चांगली मोठी होईन."

पूजानं डोळे पुसले. शोभाताईनंही मान डोलवली, सुटल्यासारखी. दोघींनी माझ्यावर विश्वास ठेवला.