मरण्याआधीची चार वाक्ये

नकली मिशी चिकटवण्याच्या गोंदाला स्पिरिटचा उग्र वास असतो. बाबांच्या वरच्या ओठावर तो इतका मुरला होता की लहानपणी मी गालाला गाल लावला तरी माझे डोळे चुरचुरत. खांदा कॉलनीतल्या आमच्या दोन खोल्यांत बाप घरी आल्याची वर्दी आधी हा वास देई, मग पायऱ्यांवरची पावले.

बाबा चित्रपटांत मरत. हवालदार, पुजारी, नायिकेचे वडील. बहुधा मध्यंतरापूर्वी आणि बहुधा एक शब्दही न उच्चारता. उतारवयात, आईच्या पश्चात, त्यांना प्रथमच मरण्याआधी चार वाक्ये मिळाली. परत आलेल्या मुलाचा निरोप घ्यायचा आणि डोळे मिटायचे.

तोवर त्यांची स्मृती भिजल्या कागदासारखी विरू लागली होती. डॉक्टरांनी आजाराचे नाव सांगितले. मी ते चित्रपटवाल्यांपासून लपवले. ते कळते तर चार वाक्ये दुसऱ्या कुणाच्या तोंडी गेली असती.

"एकदा तरी बोलून मरू दे गं," बाबा म्हणाले होते.

महिनाभर आम्ही तालीम केली. तळोज्याच्या कारखान्यांकडून वाऱ्यावर आंबूस धूर येऊ लागला की खिडक्या लावून मी त्यांच्या उशाशी बसे आणि मुलाचे वाक्य म्हणे, "बाबा, मी आलोय." मग ते बोलत. आधी अडखळत, नंतर अशा ओल्या, खोल स्वरात की माझ्या अंगावर काटा येई.

"मुलगा म्हणून तू अगदी भिकार हं," ते हसून म्हणत. "पण चालव."

चित्रीकरण आपटा गावी, नदीकाठच्या एका घराच्या ओटीवर होते. कुंपणापाशी गावातल्या बाया जमल्या होत्या. "आगं, यो म्हातारा तर दर पिक्चरमदी मरतंय," एक म्हणाली. "आज तरी वाचंल क नाय?" बाबांनी खाटेवरूनच तिला नमस्कार केला. सगळे हसले. इतके प्रसन्न मी त्यांना कित्येक महिन्यांत पाहिले नव्हते.

मुलाची भूमिका करणारा तरुण नट वाकला. "बाबा, मी आलोय."

बाबांनी त्याच्याकडे परक्या पाहुण्याकडे पाहावे तसे सौजन्याने पाहिले. मग मान वळवून ते दिव्यांच्या पलीकडच्या काळोखात कुणाला तरी शोधू लागले. ते मला शोधत होते. महिनाभर ती चार वाक्ये मी त्यांच्याकडून माझ्या आवाजावर घोटून घेतली होती. दुसऱ्या कुणाच्या हाकेला ती उठणार नव्हती.

पुन्हा घेतले. पुन्हा. शेवटी मीच कॅमेऱ्यामागून ओरडले, "बाबा, मी आलोय!" आणि ते बोलले, चारही वाक्ये, एकही शब्द न चुकता, पण माझ्याकडे पाहत, मुलाकडे पाठ करून.

दिग्दर्शक उठून ओटीवर आला. मग खाटेशी उकिडवा बसला. "दादा, असं करू. तो पोचतो तेव्हा तुम्ही आधीच गेलेले असता. नुसतं पडून राहा."

त्याने कागदावरच्या चार वाक्यांवर आडवी रेघ मारली. बाबांच्या नाकपुड्यांत कापूस घातला गेला. तरुण नट त्यांच्या छातीवर डोके ठेवून सुंदर रडला. एका फटक्यात दृश्य पार पडले.

मेलेल्या नटाने उठण्यापूर्वी कॅमेऱ्याकडे पाहून हसायचे, तेही टिपून ठेवायचे, असा या धंद्यातला रिवाज आहे. त्याने अपशकुन टळतो म्हणतात. म्हणून कुणी जागचे हलले नाही.

"काका, हसा ना," साहाय्यक मुलगी म्हणाली. "हसल्याशिवाय कॅमेरा बंद नाही करता येत."

बाबांनी डोळे उघडले. कॅमेऱ्याला ओलांडून त्यांची नजर माझ्यावर येऊन थांबली. मी काही म्हणेन म्हणून ते वाट पाहत राहिले. मग त्यांनीच, हळू आवाजात, मला विचारले,

"हसू?"