म्हशीनं शिकवलं

नातीच्या नव्या पुस्तकांना कव्हर घालताना शाईचा वास आला आणि मला चौथीच्या बाई आठवल्या.

त्यांनी एकदा गमतीच्या चित्रांचं पुस्तक आणलं होतं. त्यातल्या म्हशीला घरात झोपायचं असतं. ती मालकिणीला म्हणते, "मी आत आले तर तुम्हाला थंडी वाजणार नाही, आणि माझ्या घोरण्यानं चोर पळतील." आम्ही पोट धरून हसलो. बाई म्हणाल्या, "आपल्याला काय पाहिजे ते सांगत बसू नका. समोरच्याचा फायदा सांगा, मग तो ऐकतो."

आमच्या गावात शाळा चौथीपर्यंतच होती. मला पाचवीला कुंभार पिंपळगावला जायचं होतं, पण वडिलांपुढे, म्हणजे अण्णांपुढे, माझं तोंडच उघडत नसे. त्या संध्याकाळी ते अंगणात दावं वळत बसले होते. मी खांबाला धरून एका दमात म्हणाले, "अण्णा, मी पाचवीला गेले तर तुम्हाला बियाण्याच्या पिशवीवरचं वाचून दाखवीन. बाजारात कुणी फसवणार न्हाई तुम्हाला."

अण्णांचे हात थांबले. "हे कुणी शिकवलं गं?"

"म्हशीनं."

चुलीपुढे आईला हसू आवरेना. अण्णांनीही हसता हसता डोळे पुसले. मग मला जवळ बसवून म्हणाले, "बराबर हाय तुझं. पण माय, घरी राह्यलीस तर जीपमधी कोंबून जायचं न्हाई, पाढे न्हाईत, छड्या न्हाईत. दिवसभर शेळीच्या पिलांसंग खेळ."

मला ते एकदम पटलं. मी खुशीत पिलांकडे पळाले, आणि पाचवी राहिली ती राहिलीच.

बाईंचा धडा अण्णांना माझ्यापेक्षा चांगला जमला होता, हे कळायला मला फार वर्षं लागली. आणि त्यांनी तर ते पुस्तक पाहिलंही नव्हतं.