रोझीबायच्या कडीला अडकवलेली पिशवी

पावलू गेला त्याला पाच आठवडे झाले. गोराईच्या आमच्या चर्चमध्ये अंत्यविधीला सगळे त्याच्याबद्दल भरभरून बोलले, मी गप्प बसलो. कारण पूर्वी एकदा मी त्याच्याबद्दल बोललो होतो, आणि मी त्याचं केलेलं सर्वांत मोठं वाईट तेच होतं... मी त्याची स्तुती केली होती.

आम्ही शेजारी, बरोबरीचे. पुढे बोरिवलीत माझं फर्निचरचं दुकान झालं. मी चर्चला बाकं दिली, प्रत्येकावर वडिलांच्या नावाची पितळी पट्टी लावली. पावलूकडे एक जुनी होडी आणि भाताचा लहानसा तुकडा. तरी रविवारची मिस्सेची प्रार्थना संपली की माणसं त्याच्याभोवती जमायची, आणि मी पायरीवर एकटा चपला शोधत असायचो. मला ते सहन होत नसे. एकदा प्रवचनात फादर म्हणाले, दानाची वाहवा इथेच मिळाली तर देवाकडे मागायला काही उरत नाही. सगळे माझ्या पट्ट्यांकडेच बघताहेत, असं मला वाटलं.

त्याच सुमारास एका रविवारी, पहिल्या मिस्सेआधी, मी पावलूला रोझीबायच्या दाराच्या कडीला तांदळाची पिशवी अडकवताना पाहिलं. नवरा वारल्यापासून ती मासळी विकून घर चालवत होती, कुणाकडे काही न मागता. दर रविवारी पिशवी कोण ठेवतं हे तिला ठाऊक नव्हतं. देवानं पाठवली म्हणून घ्यायची. "बोलू नको रे कुणाला," पावलू म्हणाला. मी मान डोलावली.

मग आगेरा आला, आमचा सुगीचा सण. नव्या भाताच्या लोंब्या वेदीवर वाहून झाल्या आणि आभार मानायला माइक माझ्या हाती आला. "रोझीबायच्या घरी दर आठवड्याला तांदूळ कोण पोचवतं, माहितेय? आपला पावलू!" टाळ्या पडल्या. मनात मी म्हणत होतो, घे, तुझंही बक्षीस इथेच मिळालं... रोझीबाय माझ्याच एका बाकावर बसली होती. ती उठून निघून गेली. पुढच्या रविवारी पिशवी कडीलाच राहिली. त्याच्या पुढच्याही.

"वाट लावलीस रे," पावलू एवढंच म्हणाला. "माझी नाय, तिची." स्वतःच्या पुण्याची त्याला पर्वाच नव्हती, आणि मला त्याचाही हेवा वाटला.

त्याला पुरल्यानंतर त्याच्या बायकोनं, मार्थानं, ती कापडी पिशवी मला आणून दिली. रोझीबाय घेत नव्हती, तरी दर शनिवारी तो ती धुऊन वाळत घालायचा, म्हणाली.

गेल्या रविवारी तांदूळ भरून मी गेलो. पिशवी कडीला अडकवून निघून येणं सोपं होतं... मी दार वाजवलं.

"काय रं, आज माइक नाय आणला?" रोझीबाय म्हणाली.

"रोझीबाय, त्या दिवशी मी पावलूचं कौतुक केलं नव्हतं. मी त्याच्यावर जळत होतो, आणि त्यासाठी चारचौघांत तुझी लाज काढली. तांदूळ घे नाहीतर परत पाठव. माझं चुकलं. मला माफ कर."