त्यांच्या खुर्चीवरची नोकरी

आमचे हे गेले ते नोकरीच्या जागी, खुर्चीत बसल्या बसल्या. किल्ल्याजवळच्या एका जुन्या दगडी इमारतीत छोटं वस्तुसंग्रहालय आहे, तिथं हे शिपाई होते. दुपारी डबा खाऊन दुसऱ्या दालनातल्या खुर्चीवर टेकले. तिकीट खिडकीवरच्या बाईंना वाटलं, डुलकी लागली असेल. साडेचारच्या सुमाराला एक बाप-लेक आतून बाहेर आले आणि त्यातली मुलगी म्हणाली, "आत काका बसलेत, ते काही बोलतच नाहीत."

मी तेव्हा जुळे सोलापुरात, आमच्या फ्लॅटमध्ये गवार निवडत होते. फोन आला. मी गॅस बंद आहे का बघितलं, निवडलेली गवार फ्रीजमध्ये ठेवली, कुलूप लावलं आणि रिक्षा केली. सात रस्ता चौकातून घेऊ नका, तिथं गर्दी असते, असंही रिक्षावाल्याला सांगितलं. पुढं कित्येक महिने मला या गवारीची लाज वाटत राहिली. नवरा गेल्याचं कळल्यावर कुणी भाजी फ्रीजमध्ये ठेवतं का?

मी रडले नाही. दवाखान्यात नाही, घरी नाही, दहाव्याला नाही. नात्यातल्या एका बाईंनी पाठीवर थापट्या मारून बघितलं. "रड गं, मोकळी हो," म्हणाल्या. मी त्यांना चहा घेणार का विचारलं. माझी लेक तेव्हा अकरावीत होती. ती रडून रडून आजारी पडली, तिच्या कपाळावर मी ओल्या घड्या ठेवत होते. तिचं अंग तापलेलं आहे हे हाताला कळायचं, पण ते हाताच्या पुढं कुठं जायचं नाही.

आमच्यात भांडण नव्हतं, फार गोडवाही नव्हता. हे घरी कमी बोलायचे. संध्याकाळी यायचे, पाय धुवायचे, बातम्या बघायचे, भाकरी गरम असली की "चांगली झालीय" म्हणायचे. वीस वर्षं मी असं समजत होते की हा माणूस मुळातच अबोल आहे.

त्यांच्या जागी मला घ्यावं, असा अर्ज केला होता. दीड वर्ष कागद फिरले. कधी दाखला जुना झाला म्हणायचे, कधी साहेब रजेवर. मी जायचे, बाकावर बसायचे, परत यायचे. एक दिवस आदेश हातात पडला. नेमणूक त्याच वस्तुसंग्रहालयात.

लेक म्हणाली, "आई, दुसरीकडं मागून घे ना. तिथं कसं जमेल तुला?"

"कामच करायचंय. कुठंही सारखंच," मी म्हटलं. आणि मला खरंच तसंच वाटत होतं.

पहिल्या दिवशी पार्क चौकात उतरून चालत गेले. डाव्या हाताला किल्ल्याचा खंदक आणि बाग, पलीकडं तळं. लग्न झालं त्या वर्षी ह्यांनी एकदा मला इथं फिरवलं होतं, तळ्याकाठी उभं राहून मासे दाखवले होते. त्या बागेतून चालताना मला काहीतरी होईल अशी मी वाट बघत होते. काही झालं नाही. लोक व्यायाम करत होते. एक म्हातारे गृहस्थ झाडावर पाठ घासत होते.

तिकीट खिडकीवर ज्या बाई बसायच्या त्यांना सगळे खाला म्हणायचे. साठीला टेकलेल्या, चष्मा दोरीनं गळ्यात. त्यांनी माझा हात धरून मला आतली तिन्ही दालनं दाखवली. पहिल्यात नाणी आणि तांब्याची भांडी, तिसऱ्यात माग आणि जुन्या चादरी. दुसऱ्यात दगड. आसपासच्या गावांतून आणलेल्या मूर्ती, वीरगळ. तिथं माझी बसायची जागा होती. भिंतीशी एक लाकडी खुर्ची होती, एका हातावरचा रंग उडालेला.

"ही नको बेटी," खाला पटकन म्हणाल्या. "मी आतून प्लास्टिकची आणते. हिची वेताची वीण सैल झालीय."

मी वाकून बघितलं. वीण घट्ट होती.

"हीच का ती?" मी विचारलं.

खालांनी मान हलवली. त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं होतं. "मी तीन वेळा बाहेर ठेवली. तीन वेळा कुणीतरी उचलून परत आत आणली. सरकारी खुर्ची, यादीत आहे म्हणतात."

"राहू दे," मी म्हटलं आणि बसले. लाकूड गार होतं. बाकी काही नाही.

त्या खुर्चीसमोर एक शिळा होती. कमरेइतकी उंच. वर चंद्र-सूर्य कोरलेले, आणि मधोमध एका बाईचा हात, कोपरात वाकलेला, पंजा वर, मनगटापासून पार वरपर्यंत बांगड्या. खाली पाटीवर लिहिलं होतं: सतीशिळा. नवऱ्यामागं चितेवर गेलेल्या बाईच्या आठवणीत उभारलेला दगड. येणाऱ्या बायका पाटी वाचायच्या, मग माझ्या रिकाम्या कपाळाकडं बघायच्या आणि पुढं सरकायच्या. मला त्याचंही काही वाटत नव्हतं. दहा ते साडेपाच मी त्या हातासमोर बसायचे. लोकांना सांगायचे, हात लावू नका, फोटो काढताना फ्लॅश मारू नका.

थंडीच्या दिवसांत शाळांच्या सहली येतात. अशीच एक सहल उजनी धरणाच्या काठच्या एका गावातून आली. चाळीसेक पोरं, रांगेत, एकमेकांचे खांदे धरून. त्यांचे गुरुजी दालनात आले, इकडंतिकडं बघितलं आणि मला विचारलं, "इथं ते दादा असायचे, ते कुठं आहेत? गेल्या साली आमची सहल झाली नाही, नाहीतर दरवर्षी ते पोरांना या हाताची गोष्ट सांगतात. मी मुद्दाम पोरांना सांगून आणलंय."

मी म्हटलं, "ते वारले. मी त्यांची मिसेस."

पोरं आमच्याकडं बघत होती. मग मीच विचारलं, "कसली गोष्ट सांगायचे?"

"तुम्हाला माहीत नाही?"

"नाही."

गुरुजींनी आवाज खाली आणला. "लहान पोरांना काय सांगणार हो, बाईला जाळलं म्हणून? तर दादा सांगायचे, ही एका गावातली बाई. तिची पोरं रानात फार लांब गेली होती. अंधार पडला तरी येईनात. तिनं वेशीवर उभं राहून हात वर केला आणि बांगड्या वाजवल्या. इतक्या वाजवल्या की पोरांना पार नदीपलीकडं ऐकू गेलं. पोरं आवाजाच्या मागं मागं घरी आली. मग गावानं तिचा हातच दगडात कोरून ठेवला. गोष्ट सांगताना दादा स्वतः हात वर करून बांगड्या वाजवल्यासारखं करायचे. काय हसायची पोरं!"

मी हे ऐकत उभी होते. हसायची पोरं, हात वर करायचे, आवाज काढायचे. हा माणूस कोण होता? घरी दिवा लावताना जो एक शब्द बोलत नव्हता, तो इथं चाळीस पोरांपुढं बांगड्या वाजवत होता. मला राग यायला हवा होता किंवा रडू. मी फक्त म्हटलं, "तुम्हीच सांगा आज." गुरुजींनी गोष्ट सांगितली. त्यांना जमली नाही फारशी.

संध्याकाळी लेकीला विचारलं, "बाबांनी तुला बांगड्यांची गोष्ट सांगितली होती कधी?"

"हो की. लहानपणी. तू स्वयंपाकघरात असायचीस तेव्हा," ती म्हणाली. मग माझ्याकडं बघून म्हणाली, "तुला माहीत नव्हतं?"

त्या वर्षी उन्हाळा सुरू होताना माझ्या सासूबाई वळसंगहून आल्या. मोतीबिंदूचं ऑपरेशन होतं. आम्ही त्यांना अव्वा म्हणतो. सगळा जन्म शेतात गेलेली बाई, मोजकं बोलणारी, कानडी-मराठी मिसळून. मुलगा गेल्यावर त्या दोनच दिवस राहिल्या होत्या आणि मग "गुरं हायत" म्हणून गावी निघून गेल्या होत्या. तेव्हापासून आमच्यात फोनवर पाऊसपाण्याखेरीज बोलणं झालं नव्हतं. मला वाटायचं, त्यांचा माझ्यावर राग आहे. न रडणारी सून कुणाला आवडेल?

ऑपरेशन झालं. आठवड्यानं डॉक्टरांकडं दाखवायला नेलं. बाहेर पडल्यावर काळा चष्मा लावलेल्या अव्वा रस्त्यातच थांबल्या.

"तुजं हापीस हितनं लांब हाय का गं?"

"नाही. जवळच आहे."

"मला दाव. त्यो कुटं बसायचा ती जागा बगायची हाय."

माझी अर्धी रजा होती, दुपारी कामावर जायचंच होतं. आम्ही रिक्षानं गेलो. खालांनी उठून अव्वांना पाणी दिलं. मी त्यांना हाताला धरून दुसऱ्या दालनात नेलं. दुपारची वेळ, आत कुणी नव्हतं. अव्वा आधी शिळेपुढं उभ्या राहिल्या, हात जोडले, मग कनवटीची पिशवी सोडून त्यातला भंडारा काढायला लागल्या.

"अव्वा, दगडाला काही लावायचं नाही. नियम आहे."

"का? द्येव हाय की."

"इथं आणला की देव राहत नाही. वस्तू होते."

त्यांनी पिशवी परत बांधली. मग खुर्चीकडं बघितलं. "ह्यात बसायचा?"

"हो."

त्या बसल्या. दोन्ही हातांनी खुर्चीचे हात धरले. बाहेर तिकीट खिडकीवरचा पंखा घरघरत होता.

"हितंच गेला व्हय त्यो?"

आजवर त्यांना कुणी हे सांगितलं नव्हतं. कामावर असताना गेला, एवढंच त्यांना माहीत. मी म्हटलं, "व्हय." माझ्या तोंडून त्यांचाच शब्द आला. आणि मग मी सगळं सांगितलं. डबा खाल्ला, डब्यात मेथी आणि दोन भाकऱ्या होत्या, त्या पूर्ण खाल्ल्या होत्या. मान थोडी डावीकडं होती. फोन आला तेव्हा मी काय करत होते. गवारीचंही सांगितलं. दोन वर्षांत ते मी कुणाला बोलले नव्हते.

अव्वांनी ऐकून घेतलं. मग म्हणाल्या, "म्या म्हशीची धार काडत हुते. सांगाय आले तवा अर्दी धार ऱ्हायली हुती. म्या ती पुरी काडली. मग उटले."

मी त्यांच्या जवळ सरकले.

"माज्या बी डोळ्याला पानी आलं न्हाय गं," त्या म्हणाल्या. "लोकं म्हनत्यात, म्हातारी दगड हाय. म्हून पळून गेले म्या तुज्याकडनं. तू रडत असशील, आन म्या आपली कोरडी. तुला कसं त्वांड दावू?"

"मी पण रडले नाही अव्वा. मला वाटलं तुम्ही माझ्यावर रागावलात."

"मी? तुज्यावर?" त्यांनी चष्मा वर करून डोळा पुसला आणि लगेच म्हणाल्या, "हे औशीदाचं हाय. थेंब घातल्यापास्नं गळतंय नुस्तं."

मला हसू आलं. फार मोठं नाही, नाकातून आल्यासारखं. अव्वाही हसल्या. मग त्यांनी डोकं मागं भिंतीला टेकलं आणि त्यांना झोप लागली. मी दुसरी खुर्ची आणली नाही. पाच वाजेपर्यंत शेजारी उभी राहिले. खाला दोनदा डोकावून गेल्या. घरी आल्यावर टाचा ठणकत होत्या, पोटऱ्या दुखत होत्या. लेकीनं तेल लावून दिलं.

यानंतर सगळं बदललं असं काही नाही. रडू अजूनही आलेलं नाही, आता मी वाटही बघत नाही. गुरुजींसारखे लोक येतात, मी त्यांना पाटीवर आहे ते सांगते, आणि आमचे हे पोरांना वेगळं सांगायचे, तेही सांगते. हात वर करून वाजवायला मला जमत नाही. अव्वा डोळा बरा झाल्यावर गावी गेल्या, पण आता दर रविवारी फोन करतात आणि पावसापाण्यापलीकडचं बोलतात. एकदा म्हणाल्या, "काल भाकरी करताना त्याच्यासाटी एक जास्त केली. मग म्याच खाल्ली." मी म्हटलं, बरं केलंत.

गेल्या महिन्यात लेकीला सुट्टी होती म्हणून आम्ही दोघी वळसंगला निघालो. बसमध्ये खिडकीची जागा मिळाली. कडेला कापणी झालेली ज्वारीची रानं होती. लेक मोबाईल बघत होती. मला झोप लागली आणि तिलाही. जाग आली ती कंडक्टरच्या आवाजानं. "ओ मावशी, वळसंग मागं राहिलं की! झोपायला आलाय का?"

बस थांबवून आम्ही उतरलो. परतीची गाडी लवकर नव्हती. दोन-अडीच किलोमीटर चालायचं होतं. लेकीनं पिशवी घेतली. ऊन होतं, चपलेत खडे जात होते. अर्ध्या वाटेत लेक म्हणाली, "आई, तू घोरत होतीस बसमध्ये."

"मग उठवायचं ना," मी म्हटलं.

"मीपण झोपले होते," ती म्हणाली, आणि आम्ही चालत राहिलो.