पडद्याकडे पाठ

सर सिनेमा पाठमोरे बघायचे. म्हणजे अख्खं थिएटर पडद्याकडे बघतंय आणि हा एक उंच, काटकुळा माणूस पडद्याकडे पाठ करून, बाजूच्या भिंतीला टेकून लोकांची तोंडं बघतोय. डोअरकीपर हटकायचा, "ओ साहेब, सीटवर बसा ना." सर म्हणायचे, "मला उभ्याचंच तिकीट दिलंय." पडद्यावर काय चाललंय ते त्यांना माहीत असायचं. ते माणसांपर्यंत कुठे पोचतं आणि कुठे अडतं, एवढंच त्यांना बघायचं असायचं.

बसणं त्यांना जमायचंच नाही. गोरेगाव पूर्वेला स्टुडिओच्या मागच्या एका इमारतीत त्यांच्या दोन खोल्या होत्या. एकीत ते राहायचे, दुसरीत फिल्म कापायचं टेबल. कापताना उभे, जेवताना उभे, फोनवर बोलताना वायर पुरेल तेवढ्या येरझाऱ्या. टेबलाभोवती चालून चालून लादीचा रंग उडाला होता. बिल्डिंगमधली पोरं त्यांना 'भोवरा' म्हणायची. खालच्या मजल्यावरच्या बाई मला जिन्यात अडवून विचारायच्या, "अगं, तुझे सर वर मॅरेथॉन पळतात का गं?"

मी आमच्या घराण्यातली पहिली बी.ए. हे मी आजही मान वर करून सांगते. बाबा आधी गिरणीत कापडाच्या साच्यावर आणि मग मालाडला एका कारखान्याच्या गेटवर. आई सहीच्या जागी अंगठा लावायची. नोकरीसाठी सरांकडे गेले आणि त्यांनी "टेपरेकॉर्डर चालवता येतो?" विचारलं, तेव्हा मी "येतो" म्हटलं. येत नव्हता. पण बी.ए. झालेल्या मुलीने 'येत नाही' कसं म्हणायचं? सरांनी ते ओळखलं असावं, कारण त्यांनी दोन दिवस मला तो स्पूलवाला जड टेपरेकॉर्डर शिकवला. हेडफोन, मायक्रोफोन, पॉजचं बटण. आवाज घ्यायचं काम माझं झालं.

घरी सांगितलं तर बाबा म्हणाले, "गो चेडवा, तुज्या त्या पिच्चरात नाच आसा काय?"

"नाही हो बाबा. माहितीपट असतो तो. खऱ्या माणसांचा."

"म्हंजे मेन पिच्चरच्या आधी लावतत तो? त्या टायमाक आमी शेंगदाणे हाडूक भायर जातंव."

मी हे सरांना सांगितलं, थोडं रागानेच. सर चालायचे थांबले आणि मोठ्याने हसले. "तुझ्या बाबांचं अगदी बरोबर आहे. शेंगदाण्यांच्या वेळेचे सिनेमे मी पंधरा वर्षं काढलेत. वरून एक भारदस्त आवाज बोलतो, खाली माणसं मुकी हलतात. कोण थांबेल?"

त्या पंधरा वर्षांतली एक गोष्ट ते पुन्हा पुन्हा सांगायचे. एका गावात नवा हातपंप बसवला होता आणि त्यावर सिनेमा काढायचा होता. पंप कोरडा निघाला. गाडी, माणसं, उजेड सगळं तयार, परत कसं जायचं? मग सरांनीच युक्ती काढली. पंपाचं डोकं उघडून वरून बादलीने पाणी ओतलं आणि एका म्हाताऱ्याला खाली ओंजळ धरायला लावली. बादली दिसत होती तेवढा तुकडा कापून टाकला. सिनेमा झकास झाला. "आणि नंतर त्या गावाने पंप दुरुस्त करा म्हणून अर्ज केला," सर सांगायचे, "तेव्हा त्यांना उत्तर गेलं की तुमच्या पंपाला पाणी आहे, आम्ही सिनेमात बघितलंय." एवढं सांगून ते पुन्हा टेबलाभोवती फिरायला लागायचे.

मला ते या धंद्याचा इतिहास शिकवायचे तोही असाच चालता चालता, आणि बहुतेक वेळा शिव्या देत. परदेशातल्या सुरुवातीच्या माहितीपटवाल्यांनी बर्फात राहणाऱ्या लोकांचं घर अर्धं कापलं होतं, कॅमेऱ्याला उजेड मिळावा म्हणून. त्या उघड्या घरात ती माणसं कुडकुडत झोपेचं सोंग घेत होती, आणि बघणारे म्हणत होते, किती खरं! "मग सगळं खोटंच का, सर?" मी विचारलं. "खोटं नाही. कॅमेरा घरात आला की घर एक इंच सरकतं. ते सरकणारच. तो इंच लपवायचा नाही, एवढंच आपल्या हातात आहे."

त्यातून त्यांचे दोन नियम झाले होते. पहिला, मी आवाज घेऊन आले की ते विचारायचे, "हे पहिलं की दुसरं?" म्हणजे माणसाने आपणहून सांगितलेलं की आपण पुन्हा सांगायला लावलेलं? दुसरं ते वापरायचे नाहीत. आणि दुसरा नियम असा की सिनेमा कुठेही पाठवायच्या आधी तो ज्यांचा आहे त्यांना दाखवायचा. ते म्हणतील ते काढायचं, मग तो तुकडा कितीही चांगला असो.

आम्ही तेव्हा आरे कॉलनीतल्या एका पाड्यावर सिनेमा करत होतो. तबेल्यांना गवत पुरवणाऱ्या बायकांवर. सर आधी आवाज घ्यायचे, चित्र मागाहून. म्हणायचे, कॅमेरा बघून माणूस केस सारखे करतो, टेपसमोर तेवढं करत नाही. एक दिवस ते लॅबमध्ये अडकले आणि मी एकटीच बस पकडून पाड्यावर गेले. सोनीमावशीचा आवाज घ्यायचा होता. साठीची बाई, हात विळ्यासारखे वाकलेले, डोळे मिश्कील. तिची बोली मला जशीच्या तशी लिहिता येणार नाही, उगाच नक्कल होईल. गोष्ट ही.

तरुणपणी ती एकटी गवत कापत असताना कळा सुरू झाल्या. तिथेच मोकळी झाली. विळ्याने नाळ कापली, पोराला लुगड्यात गुंडाळलं, भारा डोक्यावर घेतला आणि आली तबेल्यावर. मुकादम म्हणाला, "दोन भारे सांगितले होते, एकच आणलास?" मावशीने लुगडं उघडून पोर पुढे केलं आणि म्हणाली, "हा मोज!" हे सांगताना मावशी इतकी हसली की तिला ठसका लागला. मग म्हणाली, आठ दिवस जगलं पोर. आणि पुन्हा हसली, पण वेगळं.

तेव्हा माझी नजर टेपवर गेली. स्पूल फिरतच नव्हते. पॉजचं बटण दाबलेलं राहिलं होतं. हेडफोनमध्ये सगळं नीट ऐकू येत होतं, म्हणून मी बघितलंच नव्हतं.

मी मावशीला पुन्हा सांगायला लावलं. तिने सांगितलं. या वेळी सावकाश, दाटल्या आवाजात, शेवटी रडली. ऐकणाऱ्याच्या अंगावर काटा येईल असं झालं.

दुसऱ्या दिवशी सरांनी विचारलं, "पहिलं की दुसरं?"

"पहिलं," मी म्हटलं.

कारण साधं होतं. एवढी शिकलेली मुलगी आणि एक बटण सोडता आलं नाही, हे तोंडातून निघेना. स्पूलवरून आवाज फिल्मवर उतरवून घ्यायचं कामही माझंच होतं. स्पूलवर सुरुवातीला 'पुन्हा सांगा' म्हणणारं माझं बोलणं होतं, तेवढं मी उतरवलंच नाही. सरांनी तो आवाज मावशीच्या गवत कापणाऱ्या हातांवर लावला. सिनेमातला सगळ्यात चांगला तुकडा तो झाला. सर तो दिवसातून तीनदा लावायचे, आणि प्रत्येक वेळी मी चहा आणायला म्हणून खाली जायचे.

मग दाखवायचा दिवस आला. पाड्यावरच्या बालवाडीच्या खिडक्यांना दुपारी गोणपाट लावून अंधार केला. प्रोजेक्टर मी चालवत होते. सर नेहमीसारखे पडद्याकडे पाठ करून उभे. मावशीचा आवाज सुरू झाला तशा बायका एकमेकींना कोपराने ढोसायला लागल्या. पाड्यावर सगळ्यांना ती गोष्ट पाठ होती. मुकादम आता येणार, म्हणून पुढे बसलेली पोरं आधीच तोंडावर हात धरून तयार होती. मुकादम आलाच नाही. आवाज थेट रडण्यावर गेला. पडद्यावर हात हलत राहिले आणि समोरची सगळी तोंडं तशीच राहिली, हसायला उघडलेली.

पडद्याकडे बघणाऱ्या माणसाला हे कळलं नसतं. सरांनी ते बघितलं. "बंद कर," ते म्हणाले.

मावशी म्हणाली, "माझा 'हा मोज' कुठे गेला?"

सरांनी माझ्याकडे बघितलं.

"सर, दुसरं आहे ते," मी म्हटलं. "पहिलं टेपवर आलंच नव्हतं."

सर बालवाडीच्या जमिनीवर बसले. मांडी घालून नाही, पाय दुमडून, कोणी ढकलल्यासारखे. त्यांना बसलेलं मी तेवढं एकदाच पाहिलं. मावशीलाच माझी दया आली. ती सरांना म्हणाली, "हिला बोलू नका. हिचं तोंड एवढंसं झालं होतं. म्हणून मी हिच्यासाठी रडले." सरांनी विचारलं, "मावशी, काढून टाकू?" ती म्हणाली, "काढता कशाला? रडणं पण माझंच आहे."

झाली पंचाईत. एक नियम म्हणत होता वापरू नका, दुसरा म्हणत होता मावशी सांगेल तसं. गोरेगावला परत आल्यावर सरांनी मूळ स्पूल मागितला. मी दिला. खोलीत माझा आवाज आला, स्वच्छ, बी.ए.च्या मराठीत: "मावशी, टेप बंद राहिला होता हो. पुन्हा सांगा ना. आणि मध्ये हसू नका हं."

पहिली दोन वाक्यं मला आठवत होती. तिसरं मी खरंच विसरले होते. मेलेल्या पोराची गोष्ट हसून सांगायची नसते, असं मला कोणी शिकवलं होतं कोण जाणे. पण मी ते मावशीला शिकवलं होतं, आणि तिने निमूटपणे मुकादमाला गोष्टीतून काढून टाकलं होतं.

सर ओरडले असते तर बरं झालं असतं. ते नुसते फिरत राहिले. मग म्हणाले, "हे तुझं बोलणं आत घेऊ या. मावशीच्या आवाजाच्या आधी. जसं आहे तसं."

"सर, माझे बाबा बघणार आहेत तो सिनेमा! त्यात माझं नाव आहे."

"मी माझी बादली कापली होती. ती आत ठेवली असती तर त्या गावाला पाणी मिळालं असतं." थांबून म्हणाले, "पण तूही आता सिनेमातली आहेस. नियम तुलाही लागू. तू नाही म्हणालीस तर अख्खा तुकडा काढतो. विचार कर."

मी तीन दिवस विचार केला. घरी बसवेना, उभं राहवेना. गोरेगाव ते मालाड चालत जायचे नि चालत परत यायचे. आई म्हणाली, "तुकाय तुज्या सरांचो रोग लागलो गो!" खरं सांगते, सरांचा मला राग आला होता. काढा म्हणावं आणि सुटावं. पण मावशी हसली होती याची खूण आता माझ्या त्या वाक्यातच होती. ते काढलं असतं तर तिचं हसणं मी दुसऱ्यांदा पुसलं असतं, आणि या वेळी बटणावर ढकलता आलं नसतं. चौथ्या दिवशी जाऊन म्हटलं, "ठेवा." सर म्हणाले, "बरं," आणि कात्री घेतली.

मालाडच्या एका शाळेच्या हॉलमध्ये तो दाखवला. बाबा धुतलेला शर्ट घालून आले होते. सर मला म्हणाले, "तू माझ्या बाजूला उभी राहा. पाठ पडद्याकडे." माझ्या पाठीमागून माझा आवाज आला. "आणि मध्ये हसू नका हं." मग मावशीचं रडणं. पुढच्या रांगेतल्या एका बाईंनी रुमाल डोळ्यांकडे नेला आणि तो अर्ध्यातच राहिला. रडावं की नाही ते त्यांना कळेना. त्या अस्वस्थ झाल्या, खुर्चीत हलल्या. सर कुजबुजले, "बघ. आता ही बाई ऐकतेय."

बाहेर आल्यावर बाबा माझ्या पुढे भराभर चालायला लागले. मला वाटलं, लाज वाटली यांना पोरीची. स्टेशनजवळ म्हणाले, "आज शेंगदाण्यांक मी उठलंय नाय हां."

पुढे व्हिडिओ आला. फिल्म कापायचं टेबल सरांनी विकलं आणि तो नवा कॅमेरा खांद्याला लावून ते गोरेगाव सोडून गेले. दर वेळी वेगळ्या गावाहून पोस्टकार्ड यायचं, दोनच ओळींचं, घाईत लिहिलेलं. मी मुलुंडच्या एका शाळेत शिक्षिका झाले. एका पोस्टकार्डावर अक्षर वेगळं होतं. त्यांच्या पुतण्याचं. सर गेले, प्रवासात, असं त्यात लिहिलं होतं.

मी ते कार्ड घेऊन पाड्यावर गेले. सोनीमावशी खूप थकली होती. सांगितलं तर म्हणाली, "तो उभा राहणारा?" म्हटलं, "हो, तोच." ती म्हणाली, "एकदा तो कॅमेरा घेऊन उलटा मागे मागे चालत होता. आम्ही ओरडतोय, अरे खड्डा, अरे खड्डा! गेला सरळ शेणात. कमरेपर्यंत. आणि आतून काय म्हणतो, माहितेय? 'चालू ठेवा, मला दिसतंय!'" मावशीला हसू आवरेना. हसता हसता ठसका लागला, डोळ्यांतून पाणी वाहायला लागलं, तिने पदराने तोंड पुसलं आणि पुन्हा पहिल्यापासून सांगायला लागली, मी काही म्हटलेलं नसताना. माझ्याकडे टेप नव्हता. मी तिच्या तोंडाकडे बघत राहिले, आणि मग मीही हसले.