टेपला आलेला झोळ

आमचा वादातला बांध मोजायला काल कोर्टाने नेमलेल्या कमिशनर वकीलबाई आल्या. टेपचं एक टोक मी धरलं, दुसरं माझा चुलतभाऊ सदा याने. तिसऱ्याच्या हातात द्यायला दोघांचंही मन धजेना. सात वर्षं आम्ही फक्त वकिलांमार्फत बोलत होतो.

मोजता मोजता सदा पलीकडून ओरडला, "दादा, झोळ आहे!"

माझं डोकंच फिरलं. बांध सरकवण्यात मी झोळ केला, हेच तर तो गावभर सांगत होता. "कसला झोळ रे?" मी खेकसलो.

"अरे, टेपला! मधे लोंबतेय बघ. जरा ओढ की."

खरंच, टेप मधोमध ज्वारीच्या धसकटांना टेकली होती. मी ओढली, त्याने ओढली, तशी ती ताठ झाली. दोघं दोन बाजूंनी ओढत राहिलो म्हणून आमचं तुटलं, असं मी समजायचो. टेप मात्र दोघांनी ओढल्याशिवाय सरळच होत नाही.

बाईंनी आकडा लिहून घेतला. किती आला, ते विचारायचं मी विसरूनच गेलो. सात वर्षं सगळ्या कागदांत मी नुसता प्रतिवादी होतो. सदाने मला दादा म्हटलं होतं.